रिकाम्या गावातला दिवा

गोरेगाव, १५ सप्टेंबर

बाबा,

हा कागद आईच्या हातात देऊ नका. फोनचं तुम्ही तसंच करता. माझा आवाज आला की 'घे, तुझो झील' म्हणता आणि खळ्यात जाऊन उभे राहता. मला इथे सगळं ऐकू येतं, खळ्यातलं तुमचं खाकरणंसुद्धा. म्हणून कागद लिहिला. अक्षर वाईट आहे. नववीत होतं तिथेच राहिलं, पुढे वाढलं नाही.

चतुर्थीला शूटिंग होतं म्हणून आलो नाही, असं आईला सांगितलं. शूटिंग खरंच होतं. घरातलं मला कळवते ती धाकटी आकांक्षाच, तिने गणपतीवरच्या माटवीचा फोटो पाठवला. यंदा टांगायला कवंडळं कमी मिळाली वाटतं.

गावात म्हणतात लवू पळून गेला. मी पळालो नाही, तिकीट काढून गेलो. कौलाच्या दिवशी गेलो एवढं खरं. गावपळणीचा कौल लागत होता, गाव कधी रिकामा करायचा ते देवाला विचारत होते, तुमच्या मागे उभं राहून मी देवापुढचं गाऱ्हाणं शिकायचं होतं, उद्या तो मान माझ्याकडे यायचा म्हणून. आणि मी मालवणच्या एस्टीत खिडकीत बसलो होतो. तेव्हापासून तुम्ही माझ्याशी बोलला नाही. ते असो.

तुम्हाला माहीत आहे, एका जागी बसलो की माझ्या तळपायाला मुंग्या येतात. तारकर्लीला होडीवर राहिलो, मग गोव्याला हॉटेलात, मग इथे रसाच्या दुकानात. कुठे पावसाळा काढला नाही. आताच्या कामात मात्र तीन वर्षं टिकलो, कारण ह्यात जागाच रोज बदलते. तुम्ही बघत नाही, पण आई बघते ती 'शेवटची खूण' मालिका, शनिवारची, गुन्ह्यांची. त्या मालिकेसाठी जागा शोधायचं माझं काम. मॅडम म्हणतात, लवू, असं घर आण जिथे सून सासऱ्याला विष देईल. मी आणतो. लोक आनंदाने देतात. परवा एका काकांनी एवढंच विचारलं की खून हॉलमध्ये करणार की आतल्या खोलीत, कारण हॉलला नवा रंग काढलाय.

मॅडम म्हणजे रश्मी मॅडम, मालिका त्यांची. त्यांची आई जामसंड्याची. त्यामुळे शिव्या त्यांना मालवणीत कळतात, देता मात्र येत नाहीत. एकोणिसाव्या वर्षी त्या ह्या धंद्यात आल्या ते पोलिसांचे गणवेश इस्त्री करायला. दुसऱ्याच कोणाची तरी मालिका होती. इस्त्री करताना त्यांच्या लक्षात आलं की सोमवारच्या भागात मेलेल्या हवालदाराची नावाची पट्टी गुरुवारी जिवंत इन्स्पेक्टरच्या छातीवर आहे. त्यांनी जाऊन सांगितलं. आधी ओरडा बसला, मग इस्त्री गेली आणि हातात पेन आलं, कुठल्या सीनमध्ये कोणी काय घातलं होतं ते लिहायला. तिथून दिग्दर्शकाची मदतनीस, तिथून अर्धी भागीदार, आणि भागीदार पळाला तेव्हा पूर्ण मालकीण. तो मात्र खरा पळाला.

त्यांचा एक नियम आहे. मारताना दाखवायचं नाही. आम्ही खुनाची मालिका करतो, पण खून कधी दिसत नाही. दार उघडतं, घरचं माणूस आत येतं, आणि त्याचं तोंड दिसतं. बस. मॅडम सांगतात, सुरा काय, बाजारात मिळतो. तोंड मिळत नाही.

मला हे काम आवडतं, बाबा. हे तुम्हाला सांगायचं होतं.

यंदा गावपळण आहे ना? वर्षं भरत आली.

लवू


गोरेगाव, ९ ऑक्टोबर

बाबा,

आकांक्षाने कळवलं की तुम्ही कागद वाचला, घडी घालून पाकिटात परत सारला आणि देवाच्या कपाटात वरच्या कप्प्यात ठेवला. फाडला नाही. एवढ्यावर मी दुसरा लिहितोय.

इथे जरा गडबड आहे. चॅनलवर नवा साहेब आलाय, सर्वेश म्हणून. माझ्याहून चार-पाच वर्षांनी मोठा असेल. त्याने मॅडमना सांगितलं की मालिका जुनी झाली, बघणारे कमी झाले, मार्चमध्ये बंद करू. माणूस वाईट नाही. त्याच्यावरही कोणीतरी बसलेलं आहेच. मॅडम एवढंच म्हणाल्या की एक संधी द्या. तो म्हणाला, दोन भागांची एक खास गोष्ट करा, कोणी कधी बघितली नाही अशी, ती चालली तर पुढे बघू. म्हणजे मॅडमची बावीस वर्षं आता दोन शनिवारांवर आहेत. आम्हा साठ माणसांची चूलसुद्धा.

मग गाडीत बसून सगळे गोष्ट शोधत होते. कोणी म्हणे पेटीत प्रेत, कोणी म्हणे लिफ्टमध्ये. मी मागे बसलो होतो. मला काय सुचलं कोण जाणे, मी गावपळण सांगितली. की आमच्याकडे तीन-चार वर्षांनी देव कौल देतो आणि सगळा गाव घरं सोडून शिवेबाहेर जातो. माणसं, गुरं, कोंबड्या, कुत्री, बाळंतीण असली तरी ती, म्हातारं खाटेवर असलं तर खाटेसकट. तीन दिवस गाव देवाचा. गावात ना चूल ना दिवा. मग पुन्हा कौल लावायचा, देवाने हो म्हटलं की परत.

मॅडमनी चहा खाली ठेवला. विचारलं, कुलूपं? म्हटलं, नुसती कडी. चोरी? म्हटलं, ऐकली नाही कधी. त्या हसायलाच लागल्या. म्हणाल्या, "बावीस वर्षं मी बंद दारांच्या आत शिरतेय. आणि तुमच्याकडे दारं उघडी, आणि आत शिरायला कोणी नाही."  मग म्हणाल्या, "कधी आहे?"

बाबा, मी म्हटलं, मार्गशीर्षात, नऊ डिसेंबरला.

मागच्या दोन्ही वेळा तेव्हाच होती म्हणून म्हटलं. तुमच्या घरात वाढलो, मला कळायला हवं होतं की तारीख देव देतो. पण गाडीत सगळे माझ्याकडे बघत होते. आजवर कोणी बघितलं नव्हतं. संध्याकाळपर्यंत मॅडमनी चॅनलला कळवलं, तारकर्लीच्या खोल्या धरल्या, आणि तेजस्वीच्या तारखा घेतल्या. तेजस्वी म्हणजे आमची इन्स्पेक्टर, जिच्यासाठी लोक मालिका बघतात. तिला नऊ ते बाराच मोकळं आहे. त्यानंतर ती दुसऱ्या शूटिंगला परदेशात जाते.

मी तुम्हाला कौल फिरवायला सांगत नाही. तेवढा गाढव नाही. मी एवढंच म्हणतो की विचारायचं तर आहेच, मग नऊ तारीख आधी विचारा.

लवू


गोरेगाव, २६ नोव्हेंबर

बाबा,

आकांक्षाने सगळं सांगितलं. गुरवाने देवाच्या अंगावर पाकळी लावली, तुम्ही गाऱ्हाणं घातलंत आणि पहिली तारीख नऊ विचारलीत. गावच्या बारापाच मानकऱ्यांपैकी कोणीतरी म्हणालं की नऊच का, तर तुम्ही म्हणालात, "इचारूक काय जाता?"

पाकळी डावी पडली. पुन्हा विचारलंत, पुन्हा डावी. मग सतरा विचारलीत, तर हात जोडायच्या आत उजवी.

देवाने नाही दिली ती गोष्ट वेगळी. तुम्ही विचारलीत. मी फोन ठेवल्यावर स्टुडिओच्या मागे जाऊन उभा राहिलो होतो थोडा वेळ. तिथे जुने दरवाजे ठेवलेले असतात, मालिकेतले. नुसते दरवाजे, भिंतीला टेकून.

मग मॅडमकडे गेलो. वाटेत ठरवलं होतं की रजिस्टरवर सही करून निघायचं, कांदिवलीला एका माणसाला ड्रायव्हर हवाय. मॅडमना म्हटलं, तारीख सतरा पडली. त्यांनी विचारलं, नऊ तू कोणाला विचारून दिली होतीस? म्हटलं, कोणालाच नाही. "देवालासुद्धा नाही?" म्हटलं, नाही. त्यांनी कॅलेंडरवरची नऊवरची खूण खोडली. मग म्हणाल्या, "एवढ्या वर्षांत तारखा बदलणारे फार बघितले, लवू. हा देव निदान आजारी आईचं कारण तरी देत नाही."

सर्वेश साहेबाला त्यांनी फोनवर सांगितलं तेव्हा मी बाहेर होतो. आत त्यांचा आवाज चढला नाही, साहेबाचा फोनमधून बाहेर येत होता. शेवटी ठरलं ते असं. तेजस्वीचं काम शेवटी मुंबईतच करायचं. गावात पोलीस नाही, इन्स्पेक्टर नाही. कोणी मोठा नट नाही. मी विचारलं, मग राहिलं काय? मॅडम म्हणाल्या, "तेच बघायला जायचंय."

मला काढलं नाही. कांदिवलीच्या माणसाने दोनदा फोन केला, उचलला नाही.

येतोय. पण मी आमच्या लोकांबरोबर तारकर्लीला उतरणार, घरी नाही. घरी तसंही कोणी नसणार.

लवू


तारकर्ली, २१ डिसेंबर

बाबा,

काल गाव परत घरी गेला आणि आज मी हा कागद आकांक्षाकडे देतोय. तीन दिवस तुम्ही त्या झोपडीत, मी ह्या गाडीजवळ, मध्ये एक फणस. आणि आता कागद लिहितोय. लोक हसतील. हसोत. तुमच्यासमोर उभा राहिलो की जे बोलायचं ते सोडून मी दुसरंच काम शोधतो. आणि तुम्ही तर मला बोलायचं ते आकांक्षालाच सांगत होता. मी दोन हात अंतरावर उभा, आणि तुम्ही म्हणताय, "आकांक्षा, तेका सांग, चपला घाल, हंय काटे आसत." तिने तोंड वळवून मला सांगितलं, "चपला घाल, हंय काटे आसत." मी तिला सांगितलं, "घालतंय म्हणान सांग." आमचा कॅमेरामन विचारत होता की ही तुमच्याकडची प्रथा आहे का.

मी विसरलो होतो की गाव शिवेबाहेर एवढा मजेत असतो. माडाच्या झापांच्या झोपड्या, शेजारी शेजारी चुली, सगळ्यांची कालवणं सगळ्यांच्या ताटात. आमच्या लोकांना जेवणाची गाडी आणली होती, ती तशीच परत गेली. वर्षभर बांधावरून न बोलणारे दोघे एका ताडपत्रीखाली पत्ते कुटत होते. धोंडूकाकाने बॅटरीवर टीव्ही आणला होता आणि म्हणत होता, गाव सोडूक सांगल्यान देवान, मॅच सोडूक नाय.

ड्रोनचा वाद तुमच्यासमोरच झाला. तरी लिहितो, कारण तुम्ही उठून गेल्यावर काय झालं ते तुम्हाला माहीत नाही.

सर्वेश साहेबाला गाव वरून हवा होता. रिकाम्या वाटा, रिकामी खळी. माणूस आत जायचं नाही ना, मग हे उडतं यंत्र जाईल, असं त्याचं म्हणणं. धोंडूकाका त्याच्या बाजूने. म्हणाला, चिपीचा विमान वरसून जाता, कावळे जातत, त्यांका कोण अडयता? अर्धा गाव म्हणाला, खरां. मग सगळ्यांनी तुमच्याकडे बघितलं. तुम्ही तंबाखू मळत होता. ती तोंडात टाकलीत. मग म्हणालात,

"कावळो बघता, पण सांगणा नाय. ह्यां यंत्र सगळ्या मुलखाक सांगतला."

मॅडमनी ड्रोन पेटीत घालायला सांगितला. नंतर त्या तुमच्या झोपडीत आईच्या हातची पेज जेवत बसल्या होत्या तेव्हा मी मुद्दाम मागे लाकडं फोडत होतो. तुम्ही त्यांना विचारलंत, "बाय, येवढे खून करतास, झोप लागता?" त्या म्हणाल्या, "खून मी दाखवत नाही काका. दार उघडल्यावर घरच्यांचं तोंड कसं होतं, तेवढं दाखवते." आणि तुम्ही म्हणालात, मग ह्या गावाचा दार देव उघडतलो तेव्हा बघ, तवसर भायर बस. माझ्याशी जन्मात बोलला नसाल तेवढं तुम्ही त्यांच्याशी बोललात. मी पुष्कळ लाकडं फोडली.

आता तुम्हाला माहीत नसलेलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी सर्वेश साहेबाने मला गाडीमागे बोलावलं. चांगलं बोलला. म्हणाला, ही गोष्ट पडली तर मॅडम घरी, तू घरी, आणि मीपण. तुला वाटा माहीत आहेत. व्हाळातून वर जा, फोनवर दोन मिनिटं रिकामी वाट घेऊन ये. कोणाला कळणार नाही. तुझं नाव मॅडमच्या नावाखाली येईल, कार्यकारी निर्माता म्हणून. मी तो शब्द त्याला दोनदा म्हणायला लावला.

मी गेलो. व्हाळात गुडघाभर पाण्यात उतरलो. पलीकडे आपली माडाची रांग दिसत होती, आणि तिच्या मागे घराची कौलं. वळणीवर एक कपडा नाही. कोंबडी नाही. आपल्या घराला मी इतकं गप्प कधी बघितलं नव्हतं. फोन हातात होता, चालूसुद्धा केला होता.

परत आलो. साहेबाला म्हटलं, पाणी जास्त आहे. त्याने माझ्या ओल्या पायांकडे बघितलं. का परत आलो ते आत्ता विचारू नका.

मग मॅडमना जाऊन एक गोष्ट सांगितली. म्हटलं, समजा गाव असा बाहेर बसलाय. तिन्हीसांजेची वेळ. आणि कोणाला तरी पलीकडे, रिकाम्या गावात, एका घरात दिवा दिसला. आत कोणी असणं शक्य नाही. आणि जाऊन बघताही येत नाही, तीन दिवस व्हायचेत. गावाला नाही, पोलिसाला नाही. बसायचं आणि त्या दिव्याकडे बघायचं.

मॅडमनी मला पुन्हा पहिल्यापासून सांगायला लावलं. मग म्हणाल्या, दिवा दाखवायचाच नाही, बघणारे दाखवायचे. आणि पहिलं काम काय केलं, तर तुमच्याकडे आल्या. गावात माणूस मागे राहिला अशी खोटी गोष्ट करायला देवाची हरकत आहे का, विचारायला. मी लांब उभा होतो. तुम्ही म्हणालात, "गजालीक हरकत कसली? गजाली गावाभायर बसानच सांगतत." आणि हसलात. मी बघितलं.

कॅमेऱ्यापुढचं आईचं काम तुम्ही बघितलंतच. तिला नुसतं सांगितलं होतं की पलीकडे बघ. ती बघत राहिली, बघत राहिली, आणि सांगितलेलं नसताना हळूच म्हणाली, "गो, आमच्याच घरात कोण तरी आसा." कॅमेरामनच्या अंगावर काटा आला. तिला विचारलं, हे कसं सुचलं, तर म्हणाली, काय सुचलां, आमचा घर थंयच आसा ना.

काल कौल उजवा पडला आणि सगळी माणसं व्हाळ ओलांडून निघाली तेव्हा मॅडम कॅमेरा घेऊन मागोमाग गेल्या आणि एकेकाची तोंडं घेत होत्या. दारं उघडतानाची. तुमचंही आहे त्यात. मी मागून येतोय का, ते बघायला तुम्ही वळलात. मी गाडीत सामान भरत होतो.

लवू


गोरेगाव, २ फेब्रुवारी

बाबा,

थोडंच लिहितो, काम फार आहे. चित्रीकरणाची काप-जोड झाली. तेजस्वी सुट्टी काढून दोन दिवस येऊन गेली, तिचं काम शेवटच्या दहा मिनिटांतच आहे. ती आईचं काम बघून म्हणाली, ही नटी कुठून आणली?

सर्वेश साहेबाने पहिला भाग बघितला तेव्हा मी आणि मॅडम बाहेरच्या बाकावर बसलो होतो. मॅडमनी इतक्या वर्षांत किती भाग दाखवले असतील, पण पिशवीचा बंद बोटाला गुंडाळून सोडत होत्या, गुंडाळून सोडत होत्या. साहेब बाहेर आला. म्हणाला, ह्यात गावच दिसत नाही. मॅडम म्हणाल्या, हो. तो म्हणाला, मग दिवा कोणी लावला? मॅडम म्हणाल्या, दुसऱ्या भागात. तो म्हणाला, मला तरी सांगा. त्यांनी नाही सांगितलं. शेवटी म्हणाला, बावीसला लावू.

शेवटी कोणी दिवा लावला ते फक्त मला, मॅडमना, तेजस्वीला आणि जोडणाऱ्या माणसाला माहीत आहे. मॅडमनी प्रत्येकाला शपथ घातलीय.

शनिवार, बावीस तारीख, रात्री नऊ. आईला सांगा.

लवू


गोरेगाव, २५ फेब्रुवारी

बाबा,

हा कागद मी आत्ता मालवणच्या लक्झरीच्या ड्रायव्हरकडे देतोय. उद्या सकाळी तो तिठ्यावर आकांक्षाकडे देईल. पोस्टाने शनिवारच्या आत पोचणार नाही, आणि तुम्हाला शनिवारच्या आतच हवंय.

काल दुपारी फोन वाजला तेव्हा मी जेवत होतो. घरचा नंबर बघून मला वाटलं, आई. तुम्ही 'हॅलो' म्हणालाच नाहीत. म्हणालात,

"मी बोलतंय. दिवो कोणी लायल्यान?"

सव्वाचार वर्षांनी, बाबा. मला वाटलं होतं, जेव्हा बोलाल तेव्हा शिव्या तरी द्याल. माझ्या हातातला घास हातातच होता. आजूबाजूला सगळे, मॅडम समोर, आणि मी म्हटलं, शनिवारी कळेल. तुम्ही म्हणालात, धोंडो सांगता गुरवान लायल्यान, तुझी आवस म्हणता भूत, गावात पैजा लागल्यात, माका देवळात लोक इचारतत, तुझो झील थंय आसा मा, तुका म्हायत नाय? मी काय सांगू? मी पुन्हा म्हटलं, शनिवारी.  मग म्हणालात, "बरां." आणि फोन आईकडे दिलात. पण खळ्यात गेला नाहीत. तिथेच उभे होता, मला तुमचा श्वास ऐकू येत होता.

मॅडमना सांगितलं, बाबा विचारत होते. त्या म्हणाल्या, कोणाला न सांगण्याबद्दल त्या माणसाइतकं कोणाला कळतं? लिही त्यांना. शपथ तेवढ्यापुरती सुटली.

त्याआधी एक आनंदाची बातमी. काल आकडे आले. सर्वेश साहेब पेढे घेऊन स्वतः आला, सगळ्यांना हाताने वाटले, लाईटवाल्यांनासुद्धा. मालिका मार्चमध्ये बंद होत नाही. पुढचं सगळं वर्ष आहे. मॅडमनी पेढा घेतला आणि लगेच सांगितलं, लवू, असं घर आण जिथे दोन भाऊ एकाच विहिरीचं पाणी पितात. म्हणजे कामाला लागलोच.

तर दिवा. आमच्या गोष्टीत तो त्या घरातल्या मुलाने लावला. घरातून निघून गेलेला मुलगा. गाव परत येतो, दारं उघडतात, आणि इन्स्पेक्टर त्याला देवघरापुढे बसलेला पकडते. विचारते, काय चोरलंस? तर काही नाही. भांडी जागेवर, पेटी जागेवर. त्याने तीन दिवसांत पेज केली, जेवला, आणि तिन्हीसांजेला देवाकडे अंधार दिसला म्हणून त्याला राहवलं नाही. इन्स्पेक्टर म्हणते, मग आलास कशाला? तो म्हणतो, "बाकीच्या दिवशी घरात माणसं असतात."

एवढंच. गुन्हा एवढाच. मॅडमनी पुढे काही ठेवलं नाही. बापाचं तोंड आहे फक्त.

गावात कोणाला सांगू नका. पैजा लागूदेत. आईलासुद्धा नको, ती धोंडूकाकाच्या घरी जाऊन बोलेल.

आणि मी व्हाळ ओलांडला नव्हता. ते तुम्ही विचारलं नाहीत, पण गोष्ट बघून तुमच्या मनात येईल म्हणून लिहितो. पाण्यात उभा होतो तेव्हा साहेबाची दोन मिनिटं माझ्या डोक्यात राहिलीच नव्हती. डोक्यात एवढंच होतं की आता घरात कोणी नाही, आता जाता येईल. ओसरीवर बसावं, रांजणातलं पाणी प्यावं, आणि कोणी काही विचारणार नाही. मग बराच वेळ मी त्या कौलांकडे बघत राहिलो आणि मला कळलं की कोणी विचारणारच नसेल तर मी तिथे बसून करू काय? मग परत आलो. मॅडमना ते गोष्ट म्हणून सांगितलं, मी म्हणून नाही. त्यांना कळलं असेल. त्या अशा गोष्टींवरच जगतात.

मॅडमकडे सुट्टी मागितली. त्यांनी तारखा विचारल्या. ह्यावेळी पंचांगात बघून सांगितल्या.

शिमग्याक येतंय, बाबा. गाव भरलेलो आसताना.

लवू